चुलीवर पहार

मी उभा जन्म भूगर्भशास्त्र शिकवलं, पण कुणी सरळ प्रश्न विचारला की आजही माझी गाळण उडते. आता हेच ऐका. वरंधजवळच्या एका वाडीत माझ्या दिवंगत मित्राची बायको राहते, हौसावहिनी. गेल्या पावसाळ्यात तिच्या घरामागच्या डोंगराला भेग पडली, म्हणून तिनं मला बघायला बोलावलं. मी भेग पाहिली आणि चाचरत म्हणालो, "वहिनी, नक्की सांगता येत नाही. पडेलही, न पडेलही."

"तुमी आज हितं निजाल काय, भावजी?"

"नाही."

ती तडक घरात गेली. मुलगा दिलीप भाताची वाट बघत बसला होता.

"चल रे, शाळेत जाऊ. सगली वाडी थितंच गेलीय."

तो हसला. "आये, आजवर कदी पडलाय डोंगर? जेवून निजू, सकाली बघू."

वहिनीनं कोपऱ्यातली पहार उचलली आणि पेटत्या चुलीवर घातली. भात सांडला, निखारे उडाले. नांदत्या घरातली चूल, आणि घरच्या बाईनंच मोडली!

"आता हितं तुला घास नाय मिलायचा. ऊठ!"

दिलीप शिव्या देत उठला, पण निघाला.

डोंगर अजून जागच्या जागी आहे. दिलीप आईशी अजून बोलत नाही. मीच उगाच घाबरवलं की काय, या विचारानं परवा मी वहिनीची माफी मागायला गेलो.

ती म्हणाली, "नाय बोलत तर नको बोलू दे, भावजी. रुसायला जित्ता हाय ना!"