दसरा काढताना पुसलेली फाईल

ऑक्टोबर १९९९, सातारा-सांगली एसटी. माझ्या पुढच्या बाकावर टोपी घातलेले एक अण्णा आणि त्यांच्या शेजारी एक गडी.

"अण्णा, रुमालात काय जपताय एवढं?"

"फ्लॉपी. विंडोजची एक फाईल हाय हिच्यात. साताऱ्याच्या इंजिनियरकडनं आणली. तिच्याबगार दुकानातला काँप्युटर हळदीच्या गोदामातल्याशी बोलत न्हाई."

"वायर तुटली का काय?"

"वायरच न्हाई गड्या, सगळं हवेतनं चालतं. सुनेनं हट्टानं बसवून घेतलं."

"मग फाईल गेली कुठं?"

"घरात दसरा काढला, सगळं झाडून-धुवून घेतलं. तवा काँप्युटरबी साफ केला मी. ही फाईल उघडली तर नुसती किडेमुंग्यांगत अक्षरं. म्हटलं अडगळ हाय, पुसून टाकली."

"आरारा! घरात कळलं?"

"पोरगं लय भडकलं. म्हणालं, ही मशिनं विकून टाकू. तर सून म्हणाली, माझ्याच हातनं पुसली."

"आन् तुमी?"

"गप बसलो. चार दिस."

"पोराला धाडायचं की साताऱ्याला."

"न्हाई. पुसली मी, आणणार मीच."

"आन् ही फ्लॉपी चालली न्हाई तर?"

"उद्या परत साताऱ्याला जातो. पण कुणी पुसली, ते आजच सांगणार."