सलीमभाईचा पाना

मुंबई पाहाले गेलतो तवा संगं आमचे पांढरकवड्याचे सलीमभाई होते, ट्रकचे मिस्त्री. तिथंबी खिशात पाना. भाभी चिडली, "मुंबई पाहाले आले का इंजिन खोलाले?"

रात्री वरून उघड्या बसमधी बसलो. गाइड माइकवर म्हणे, "उजवीकडे बघा, गेटवे." आमी गेटवे पाहून राह्यलो, सलीमभाई इंजिन ऐकून राह्यले.

"बेल्ट ढिला हाये. निसटते आता."

"काका, तुम्ही लाइटिंग बघा ना," गाइड हासला.

पुढच्याच चौकात बस थांबली. बेल्ट निसटलता. गाइड फोनवर फोन लावत होता, तवर सलीमभाईनं खाली उतरून बेल्ट चढवला, पान्यानं कसला, बस चालू.

हात पुसत ते वर आले, तसा गाइड आमाले त्यायचं नाव-गाव इचारून माइकवर बोलला, "आता डावीकडे बघा, पांढरकवड्याचे सलीमभाई."

पयला फोटो भाभीनं काढला.