फ्रिज बंद होतो तेव्हा

लॉकी : हेडफोन काढलास? हरलीस! अजून परसदारसुद्धा आलं नाही.

ब्रॉनी : हात बघ माझे, गार पडलेत. आणि भूत तर कुठे दिसलंच नाही.

लॉकी : भूत नाहीच आहे माझ्या गेममध्ये. सगळी करामत आवाजाची. स्वयंपाकघरात फ्रिजची घरघर चालू असते, ती कुणाच्या लक्षातही येत नाही. मग ती मी बंद करतो. बस्स! होबार्टच्या प्रदर्शनात एक दाढीवाला बाप्या खुर्ची सोडून पळाला.

ब्रॉनी : हे कुणी सुचवलं तुला?

लॉकी : कुणी कशाला? माझंच डोकं.

ब्रॉनी : आणि मग लपायचं कपडे वाळवायच्या ड्रायरमध्ये?

लॉकी : अगं, तुला कसं कळलं? तिथवर तू पोचलीच नाहीस!

ब्रॉनी : लॉकी, रविवारी डॅडला इथे राहायला आणू नकोस.

लॉकी : झालं सुरू! म्हातारा माणूस, धड उभं राहवत नाही त्यांना. तुला नको असतील तर नको. मी ठेवतोय ना?

ब्रॉनी : घरात तुझी मिली आहे.

लॉकी : मग? नातीला बघून विरघळतील ते.

ब्रॉनी : डॅड फ्रिज बंद करायचा.

लॉकी : काय?

ब्रॉनी : जुन्या घरी. पिऊन आला की आधी फ्रिजचं बटण. घरघर थांबली की आपण कुठे श्वास घेतोय ते त्याला ऐकू यायचं. तू मिलीएवढा होतास. मी तुला ड्रायरमध्ये कोंबायचे. तोंडावर हात दाबून धरायला शिकवलं होतं.

लॉकी : गेममधलं पोरगं तेच करतं. मला वाटलं, मीच रचलं ते.

ब्रॉनी : हं.

लॉकी : आणि तू कुठे लपायचीस?

ब्रॉनी : मी मावत नव्हते त्यात.

(ब्रॉनी हेडफोनची वायर गुंडाळत बसते.)

लॉकी : इतकी वर्षं बोलली का नाहीस, बये?

ब्रॉनी : तुला आठवत नव्हतं. तेवढं एक बरं झालं होतं आपल्या घरात.

लॉकी : सकाळी फोन आला होता त्यांचा. स्वयंपाकघराशेजारची खोली दिलीय म्हटलं, तर खूश झाले.

ब्रॉनी : आणि?

लॉकी : आणि विचारलं, तुझा फ्रिज फार आवाज करतो का रे?