युलालीच्या हातातला माझा चाटू

सन्माननीय अध्यक्ष, शिक्षण निरीक्षक श्री. लाँपो; आपल्या वस्तीचे प्रमुख, आदरणीय नाबा; पालक संघाच्या अध्यक्षा रसमाताबाई; व्यासपीठावरचे पाहुणे, आणि खुर्ची न मिळाल्यामुळे आंब्याखाली उभे राहिलेले, पण जेवणाच्या पंगतीत पहिले बसणारे सर्व पालक; माझे सहकारी; आणि आज शाळेतून निवृत्त होणाऱ्या आपल्या सत्कारमूर्ती युलाली निकिएमा, जिला मी एकतीस वर्षं ‘माझी गुलाम’ अशीच हाक मारत आले आहे.

हसा, हसा. मी बिबियान टोए, सामो जमातीची. युलाली मोसी. आमच्या दोन जमातींत वाडवडिलांपासून थट्टेचं नातं. सामोने मोसीला गुलाम म्हणायचं, मोसीने सामोला कुत्र्याची मुंडकी चघळणारी म्हणायचं, आणि रागावला तो हरला. साहेब, तुमच्या पूर्वेकडेही अशी नाती आहेत, तुम्हाला वेगळं सांगायला नको. तरीही या संयोजकांनी एका मोसीचं कौतुक करायला एका सामोला उभं केलं, याला काय म्हणावं? हार घालायला बकरीला बोलावलं तर ती हार खाणारच.

युलालीचे गुण मला सांगायचे आहेत. ती वेळेवर येते. तिचं अक्षर सुंदर आहे. तिच्या भेंडीच्या कालवणात मीठ कमी असतं, पण ते आपण कुणी तिला कधी सांगितलेलं नाही. आणि ती प्रसिद्ध आहे. हा शेवटचा गुण मला फार सलतो, आणि तो का सलतो हे आज सगळ्यांसमोर सांगायचं मी ठरवलं आहे.

पाच वर्षांपूर्वीचा ऑक्टोबर तुम्हा सगळ्यांना आठवतोच. एकच माणूस सत्तावीस वर्षं राष्ट्राध्यक्षाच्या खुर्चीवर, आणि आता घटनेतलं कलम बदलून आणखी बसायच्या तयारीत. आपल्या राजधानीत, वागादुगूत, बायकांनी ठरवलं की सोमवारी चाटू घेऊन रस्त्यावर उतरायचं. लहान मुलांसाठी सांगते, कारण ती हसतायत. बाजरीची उकड घोटायचा तो लाकडी चाटू बाईने पुरुषावर उगारणं म्हणजे शेवटची गोष्ट. आई पोरावर रागावते, बायको नवऱ्याशी भांडते, पण चाटूला हात लागत नाही. ज्याच्यावर उगारला त्याचं काही खरं नाही. आणि ज्याला लागला त्याचं काय होतं, ते व्यासपीठावरच्या पुरुषांना ठाऊक आहे. निरीक्षकसाहेबांनी आत्ताच पाय जवळ घेतले.

तर त्या सकाळी सात वाजता ही युलाली माझ्या दारात, हात हलवत.

मी म्हटलं, “काय गं गुलामे, मोर्चाला निघालीस की लग्नाला? चाटू कुठाय?”

“सासूबाईंनी घरातले सगळे चाटू एका गाठोड्यात बांधलेत,” ती म्हणाली, “आणि त्या गाठोड्यावर बसल्यात. उठायलाच तयार नाहीत.”

तिचा धाकटा दीर सत्ताधारी पक्षाच्या कचेरीत कामाला होता. आपल्याच घरातला चाटू बाहेर पडला तर शाप आपल्याच पोराला लागेल, अशी म्हातारीची समजूत. चहासुद्धा गाठोड्यावर बसूनच प्यायल्या म्हणे.

माझ्या घरी दोन चाटू होते. एक माझ्या आईचा, बारशा-मयताची मोठी भांडी ढवळायचा, हातभर लांब, वापरून वापरून काळा झालेला. दुसरा कालवणाचा, वीतभर. मी आईचा चाटू युलालीला दिला आणि म्हटलं, “घे, तू उंच आहेस, तुला शोभेल.”

पुढचं तुम्हाला पाठ आहे. चौकात गाडीच्या टपावर एक छायाचित्रकार उभा होता. युलालीने हात वर केला, तोंड उघडलं, आणि त्याने बटण दाबलं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात युलाली. गुरुवारी संसद पेटली, शुक्रवारी तो माणूस पळाला, आणि शनिवारी प्रत्येक भिंतीवर युलाली! त्या फोटोच्या डाव्या कडेला एक कोपर दिसतं. निळ्या बाहीचं. ते कोपर माझं.

आता तुम्हीच सांगा, कुणाचा जीव जळणार नाही? चाटू माझा, माझ्या आईचा, आणि मिरवली कोण? आयत्या पिठावर रेघोट्या! तिला रेडिओवर बोलावलं. तिला डाकारला नेलं, विमानाने. मला विमान फक्त खालून माहीत आहे. पुढच्या महिला दिनाला वस्तीच्या बायकांनी तिच्या चित्राचं कापड छापून घेतलं आणि शाळेतल्या प्रत्येक शिक्षिकेने ते नेसायचं ठरलं. म्हणजे मी युलालीला नेसले! दिवसभर! शिंप्याला सांगून तिचा चेहरा मुद्दाम मागच्या बाजूला घेतला, आणि त्या दिवशी मिळेल त्या बाकावर बसले.

तू हसतेयस युलाली, पण हे तुला आज कळतंय. शिक्षकांच्या खोलीत, बाजारात, रविवारी चर्चमध्ये मिस्साच्या आधी आणि मिस्साच्या नंतर, जो भेटेल त्याला मी सांगत असे, “तो चाटू माझा बरं का. मीच तिला दिला.” लोक म्हणायचे, “बिबियान, किती मोठं मन तुझं!” मी मान खाली घालायची. हे ऐकायला फार गोड लागायचं.

मग दिवस बदलले. किती लवकर बदलले, नाही का? नवं सरकार आलं, भाव तेच राहिले. उत्तरेत बंदुकवाल्या टोळ्या गावं जाळू लागल्या. माझ्या वर्गात ऐंशी मुलं होती, ती आता एकशे तीस आहेत, आणि तिकडून पळून आलेल्या त्या वरच्या पन्नासांना आपलं गाव परत कधी दिसेल ते मला सांगता येत नाही. लोकांना कुणावर तरी राग काढायचा असतो. पळून गेलेला माणूस सापडत नाही, युलाली मात्र रोज बाजारात सापडते.

गेल्या वर्षी आम्ही दोघी कांदे घेत होतो. कांदेवालीने हिला ओळखलं आणि सगळ्या बाजाराला ऐकू जाईल अशी ओरडली, “या बाई, या! तुमच्या चाटूने आमचं काय शिजलं ते तरी सांगा! तेव्हा निदान रात्री झोप लागत होती! माझा भाऊ मारला तिकडे, द्या त्याला चाटू!”

माणसं जमली. युलाली म्हणाली, “ताई, तुझ्या भावाचं नाव काय?” ती बाई आणखी चिडली, मग रडायला लागली. युलाली तिच्यापाशी खाली बसली. आणि मी? चार वर्षं ज्या बाजारात ‘चाटू माझा’ म्हणून सांगत फिरले, तिथे मी त्या दिवशी कांदे निवडत राहिले. एकेक कांदा उलटून पाहिला. चाटू कुणाचा होता ते मला त्या दिवशी अजिबात आठवेना.

अध्यक्ष महोदय, वेळेची चिठ्ठी मिळाली. दोनच मिनिटं घेते.

महिला संघ आपल्या खोलीत एक काचेचं कपाट करतोय. युलाली गावी परत चालली आहे, म्हणून चाटू तिथे ठेवायचा आणि खाली पितळेची पाटी लावायची. गेल्या सोमवारी युलाली माझ्या वर्गात आली आणि म्हणाली, “बिबियान, पाटीवर तुझं नाव घालायला सांगते. वस्तू तुझ्या आईची. तू हो म्हण, उद्याच कोरायला टाकतात.”

खरं सांगू? मला इतका आनंद झाला की मी मुलांना पाऊण तास लवकर सोडलं. निरीक्षकसाहेबांनी हे ऐकलं नाही असं समजावं. घरी जाऊन मी त्या पाटीवरचा मजकूर कागदावर चार वेळा लिहून पाहिला. ‘बिबियान टोए यांनी दिलेला.’ चौथ्यांदा लिहिताना ‘दिलेला’ या शब्दावर हात थांबला.

कारण मी तो दिला नव्हता. मी तो टाळला होता. हातभर लांब चाटू घेऊन चालणारी बाई सगळ्यात आधी दिसते, आणि त्या सकाळी नाक्यावर शिपायांच्या गाड्या उभ्या होत्या. तू उंच आहेस, तुला शोभेल, हे मी म्हटलं, पण मनात होतं की गोळी आली तर उंच बाईला येईल. आणि माझा तो वीतभर चाटू? फोटोतलं कोपर नीट बघा. हात वर नाही, खाली आहे. चाटू मी कमरेच्या कापडात खोचला होता आणि वरून हाताने झाकून धरला होता. मी सगळा मोर्चा तसाच चालले.

युलाली माझ्या शेजारी होती. तिने ते पाहिलं होतं. कापड सावरून दिलं होतं, म्हणाली होती, “टोक दिसतंय गं.” एवढंच. मी पाच वर्षं फुशारक्या मारत फिरले, ती समोर बसून ऐकत होती आणि एकदाही बोलली नाही. तिच्या जागी मी असते तर पहिल्याच महिन्यात सगळ्या गावाला सांगितलं असतं.

म्हणून महिला संघाच्या भगिनींनो, पाटीवर ‘युलाली निकिएमा’ एवढंच कोरा. मी दर रविवारी येऊन ते वाचणार आहे आणि दर रविवारी माझा जळफळाट होणार आहे, कारण तो काही जात नाही. विमान, रेडिओ, ते कापड, याचा हेवा एक वेळ संपेल. पण गप्प राहता येणं, हे तिला जमलं आणि मला जमलं नाही, याचा हेवा मी मरेपर्यंत करणार आहे.

आपण सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलंत, नाबांनी आणि अध्यक्षांनी मला मध्येच खाली बसवलं नाही, रसमाताबाईंनी इतकं बिस्सापचं सरबत करून ठेवलंय, त्या सगळ्यांचे मनापासून आभार. भाषणाच्या शेवटी बोलण्यातल्या उणेपणाबद्दल सभेकडे क्षमा मागायची रीत आहे, ती मी मागते. पण सामोने मोसीची माफी मागायची मात्र आमच्यात रीत नाही. थट्टेच्या नात्यात ती लागतच नाही, आणि माझ्या घराण्यात ती आजवर कुणी मागितलेली नाही.

युलाली, मला माफ कर.