लवळ्याच्या मडमेचं रडणं

पौडच्या एस.टी. थांब्यावर करवंदांची पाटी घेऊन बसलेल्या रंभाबाईचा एक कान मागच्या दोघींच्या बोलण्याकडं लागला होता.

"लवळ्याच्या बंगल्यातल्या मडमेनं असा हंबरडा फोडला, माज्या हातातला झाडूच गळाला."

"कोण गेलं गं, फुलाबाई?"

"मलाबी तेच वाटलं. जवळ बसले, गळ्यात पडून लागले रडाया. रडत्या बाईला एकटं कसं सोडायचं?"

"व्हय तर."

"तर बया डोळं पुसून हसाया लागली! म्हनली, हे नाटकातलं हाय. ऑस्ट्रिया का काय, त्या मुलखात नाटकं, सिनेमे करायची. लढाईत पळून हिकडं आली. आजून आरशापुढं जुनी कामं करती."

"आगं बया! खोटं रडती?"

"डोळ्यांतनं धारा, गंगू! मला रागच आला. म्हनलं, बाई, तुमची खरी आई गेली तवाबी आसंच रडलात का?"

"आसं इचारलंस?"

"तोंडातनं गेलं. म्हनली, आईला तितल्या शिपायांनी मारून टाकलं. रडले न्हाई. कुनाजवळ रडू?"

"अरं देवा!"

"मग मीच हेल काढला. तिच्या आईचं नाव ठाऊक न्हाई, नुसतं 'आई गं' म्हनले. तिनं माजा हात घट्ट धरला. म्हनली, फुलाबाई, परत."

रंभाबाईला राहवेना. ती वळलीच. "आन् मग, बाई?"

"मग परत रडले. ह्या खेपेला तीबी लागली रडाया. येवढी नाटकातली बाई, पर तोंड उघडं, आन् आवाजच फुटंना."