तांदळात लिहिलेली अरुंधती

नाव बदलले की नवरी सासरी लवकर रुळते, असे शास्त्र सांगून मुकुंदने ताटातल्या तांदळात अंगठीने 'अरुंधती' लिहिले. शास्त्राचा निकाल महिन्याभराने पिंपरीच्या थांब्यावर लागला: तो बसच्या दारात लोंबकळत त्याच नावाने हाका मारत राहिला, रांगेतल्या बायकोने, बकुळने, वळून पाहिले नाही आणि चाकणची बस त्याला उतरवून निघून गेली.

"ऐकू येत नाही का?"

"येतं. दुसऱ्या कुणाला बोलावताय असं वाटलं."

"सवय कर आता."

"आजीनं ठेवलंय बकुळ. म्हणायची, हे फूल वाळलं तरी वास सोडत नाही."

"वाळक्या फुलाचं नाव! अरुंधती कसं भारदस्त आहे. वसिष्ठांची पत्नी."

"मग वसिष्ठ कोण? तुम्ही?"

रांगेतल्या केसरबाईंना राहवेना. "भाऊ, पोरीला तिच्या नावानं हाक मारा. फुडची बस तरी घावंल."

"मावशी, हा आमच्या घरातला प्रश्न आहे."

"मग घरातलंच विचारते," बकुळ म्हणाली. "उद्या शाळेत रुजू होताना मी बकुळच सांगणार आहे. बघायला आलात तेव्हा का नाही म्हणालात, नाव आवडलं नाही म्हणून?"

"तुझ्या नावाचा प्रश्नच नव्हता गं. अरुंधती मी कॉलेजात असतानाच ठरवलं होतं. मुलगी कुठलीही आली असती, तरी तेच ठेवलं असतं."