‘हं’ आणि ‘पुढे?’

कानाच्या डॉक्टरांकडे नंबर लावून बसले होते. शेजारच्या बाकावर एक म्हातारं जोडपं.

“अहो, मला नीट ऐकू येतं.”

“येत नाही. चाळीस वर्षं माझी प्रत्येक विज्ञानकथा तू आधी ऐकलीस. फसली की ‘हं’, जमली की ‘पुढे?’ तुझ्या ‘पुढे?’वर तीन पुरस्कार मिळाले मला.”

“मग?”

“काल नवी कथा वाचून दाखवली, मंगळावर उतरताना यानाचं चाक पंक्चर झालं. माझी मलाच लाज वाटली, आणि तू म्हणालीस ‘पुढे?’”

“ऐकलं की पंक्चर.”

“मग ‘हं’ का नाही म्हणालीस?”

“चार वर्षांनी कागद हातात घेतलात. ‘हं’ म्हटलं असतं तर परत ठेवून दिला असतात.”

“अगं, पण...”

“पण राहू दे. पंक्चर काढलं कोणी?”